सातवा परिच्छेद तसाच आहे

खुले पत्र

प्रति,
सरकारी बँकांची संचालक मंडळे, मुख्य दक्षता अधिकारी आणि शिस्तभंग प्राधिकारी

विषय : न्यायालयाने फेरविचारासाठी परत पाठवलेली खातेनिहाय चौकशीची प्रकरणे

महोदय,

मागच्या डिसेंबरमध्ये प्रतापनगरच्या माझ्या घरी स्पीड पोस्टाने एक पाकीट आलं. त्याआधी ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने माझ्या बडतर्फीचा २०२१चा आदेश रद्द केला होता आणि माझं म्हणणं ऐकून नव्याने निर्णय घ्यायला बँकेला सांगितलं होतं. पाकिटात तो नवा निर्णय होता. अकरा पानं, आणि शेवटच्या पानावर तीच शिक्षा, बडतर्फी. मी पहिल्या पानापासून वाचायला घेतलं आणि सातव्या परिच्छेदाशी थांबले. २०२१च्या आदेशात याच परिच्छेदात माझा उल्लेख पुरुष म्हणून झाला होता. दुसऱ्या कुणाच्या तरी आदेशातून तो मजकूर उचललेला होता हे उघड होतं, आणि माझ्या वकिलांनी न्यायालयात ते दाखवूनही दिलं होतं. नव्या आदेशात तो परिच्छेद शब्दाशब्दाने तसाच आहे. याचा अर्थ मला एकच लागतो: माझं प्रकरण कुणी पुन्हा वाचलेलंच नाही.

आता गप्प बसवत नाही, म्हणून हे पत्र उघडपणे लिहिते आहे.

मी १९८२ साली क्लार्क म्हणून बँकेत लागले, १९९५ मध्ये अधिकारी झाले आणि शेवटची काही वर्षं शाखाधिकारी होते. छत्तीस वर्षं जिचं मीठ खाल्लं त्या बँकेचं नाव चव्हाट्यावर आणायची मला इच्छा नाही. तशी गरजही नाही. गेल्या सात वर्षांत आपापलं चार्जशीट घेऊन माझ्याकडे सल्ल्याला आलेली माणसं वेगवेगळ्या बँकांतली होती. कागदांवरचा बँकेचा शिक्का तेवढा बदलायचा, आतली तऱ्हा तीच.

माझं प्रकरण काटोल तालुक्यातल्या एका शाखेतलं. २०१४च्या खरिपात पाऊस लांबला होता. पीककर्जाचं उद्दिष्ट मागे पडलं म्हणून जिल्ह्याच्या बैठकीत बँकांची कानउघाडणी झाली आणि दुसऱ्या दिवसापासून विभागीय कार्यालयाचा रोज संध्याकाळी फोन येऊ लागला, आज किती केसेस केल्या? शाखेत मी, एक अधिकारी, दोन क्लार्क आणि एक शिपाई. त्या जून-जुलैत आम्ही जी कर्जं वाटली, त्यातल्या ३७ खात्यांवरून चार वर्षांनी माझ्यावर सहा आरोपांचं चार्जशीट आलं. ज्या कार्यालयाने ‘आजच्या आज करा’ म्हणून फोन केले, त्याच कार्यालयाने ‘अवाजवी घाईने मंजुरी दिली’ असा आरोप लिहिला.

मुख्य आरोप असा, की सातबाऱ्यावर संत्र्याची नोंद नसताना मी संत्र्याच्या बागेला जेवढं देता येतं तेवढं कर्ज दिलं. काटोल-नरखेडकडच्या कुणालाही विचारा. कलम लावल्यापासून बाग फळावर यायला पाच-सहा वर्षं जातात आणि तलाठ्याकडची पिकाची नोंद बागेबरोबर चालतेच असं नाही. कागदावर अजून कापूस आणि तूर असते, वावरात मात्र आंबिया बहाराची फळं धरलेली संत्र्याची झाडं उभी असतात. मी त्या वावरांत गेले होते. कधी शिपायाच्या मोटारसायकलवर मागे बसून, कधी कास्तकाराच्याच बैलगाडीतून. प्रत्येक भेटीची नोंद शाखेच्या इन्स्पेक्शन रजिस्टरमध्ये माझ्या अक्षरात, तारखेनिशी केली होती. चौकशीत मी ते रजिस्टर मागितलं, तेव्हा ‘शाखा नव्या जागेत हलवल्यापासून सापडत नाही’ असं लेखी उत्तर मिळालं. रजिस्टर बँकेच्या ताब्यातलं, हरवलं बँकेकडून, आणि त्यावरून निष्कर्ष काढला तो हा, की मी वावरात गेलेच नाही.

त्या ३७ खात्यांपैकी २९ खाती राज्य सरकारच्या २०१७च्या शेतकरी सन्मान योजनेतून बंद झाली, बँकेचे पैसे बँकेला मिळाले. चार्जशीटमध्ये मात्र ‘संभाव्य नुकसान’ सगळ्या ३७ खात्यांचं धरलं आहे. नुकसान झालं नाही म्हणजे गैरवर्तन झालं नाही असं होत नाही, हे मला ठाऊक आहे. निकुंज बिहारी पटनाईक यांच्या प्रकरणात १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तसं स्पष्ट म्हटलं आहे: अधिकाराबाहेर जाऊन काम करणं हेच गैरवर्तन. पण मग चार्जशीटमध्ये खरा आकडा लिहा. मिळालेले पैसे बुडालेले दाखवू नका.

आता तारखा बघा. कर्जं २०१४ची. खाती थकली २०१६ मध्ये. तपासणी अहवाल २०१७च्या सुरुवातीचा. चार्जशीट माझ्या हातात पडलं २२ मे २०१८ रोजी, निवृत्तीच्या नऊ दिवस आधी. तेव्हा मी नागपुरातल्या एका शाखेत होते. ३१ तारखेच्या निरोपसमारंभाची तयारी झालेली होती, शाल-श्रीफळ आणून कपाटात ठेवलेलं होतं. वरून फोन आला, कार्यक्रम करू नका. त्या संध्याकाळी सहा सहकारी घरी आले. शिपायाने नारळ देवापुढे ठेवला. कुणी भाषण केलं नाही.

नऊ दिवसांची ही निवड योगायोगाची नसते. १९७९च्या अधिकारी सेवा नियमांत तरतूद आहे, की निवृत्तीपूर्वी शिस्तभंगाची कारवाई सुरू झाली असेल तर अधिकारी त्या तारखेला सेवेतून मोकळा होतो, पण कारवाई तो सेवेत असल्यासारखी पुढे चालू राहते, आणि अंतिम आदेश होईपर्यंत त्याला भविष्य निर्वाह निधीतल्या स्वतःच्या वाट्याखेरीज निवृत्तीचे लाभ मिळत नाहीत. म्हणजे निवृत्तीच्या आधी कागद हातात पडला की बँकेला घाई उरत नाही. थांबण्याची सगळी झळ माणसाला. १९९५च्या पेन्शन नियमांत तात्पुरत्या पेन्शनची सोय आहे. मला ती सुरू करून घ्यायला पाच अर्ज आणि चौदा महिने लागले, आणि २०२१च्या आदेशाने ती बंदही झाली. बडतर्फ माणसाची आधीची सगळी सेवा पेन्शनसाठी बाद होते. माझी छत्तीस वर्षं अशी एका परिच्छेदात पुसली गेली.

चौकशीच्या १९ बैठका झाल्या. बँकेचा साक्षीदार एकच, तपासणी करणारे अधिकारी. ते एकाही कास्तकाराला भेटले नव्हते, उलटतपासणीत त्यांनी तसं कबूलही केलं. बाकी सगळं झेरॉक्सच्या गठ्ठ्यावर. पीओंनी, म्हणजे बँकेची बाजू मांडणाऱ्या अधिकाऱ्यांनी, गठ्ठा पुढे ठेवायचा, चौकशी अधिकाऱ्यांनी त्यावर क्रमांक टाकायचे आणि कागद ‘सिद्ध’ व्हायचा. रूपसिंग नेगी हे पंजाब नॅशनल बँकेतले शिपाई. त्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली सांगितलं, की कागद नुसता दाखल केल्याने सिद्ध होत नाही, त्यातला मजकूर साक्षीदाराने सिद्ध करावा लागतो. आणि संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याची जागा घेऊ शकत नाही. माझ्या डीआरनी, म्हणजे चौकशीत माझी बाजू मांडणाऱ्या प्रतिनिधींनी, हा निकाल लेखी ब्रीफला जोडला होता. पुढच्या कुठल्याच आदेशात त्याचा उल्लेख नाही.

माझ्या बाजूने एक साक्षीदार होते. त्या ३७ मधले एक कास्तकार, तेव्हा वय ६७. माझी त्यांची ओळख कर्जापुरती. तरी ‘मॅडम वावरात आल्या होत्या, मी त्यांना विहिरीवर पाणी दिलं, हे सांगायला मी येतो’ असं ते स्वतःहून म्हणाले. काटोलहून एसटीने गणेशपेठला उतरून ते विभागीय कार्यालयात दोनदा आले, आणि दोन्ही वेळा बैठक ऐनवेळी पुढे ढकलली गेली. तिसऱ्यांदा आले तेव्हा त्यांना दीड तास बाहेरच्या बाकावर बसवून ठेवलं आणि साक्ष ‘विषयाशी संबंधित नाही’ म्हणून नाकारली. माझ्यावरचा आरोपच हा होता की मी वावरात गेले नाही. मी गेले होते असं सांगणारा माणूस विषयाशी संबंधित नसेल, तर संबंधित कोण? सगळ्या प्रकरणात मला सर्वांत जास्त लागलेली गोष्ट हीच. माझा अपमान मी गिळला. त्यांचा गिळवत नाही.

इतकं होऊनही चौकशी अधिकाऱ्यांनी सहापैकी चार आरोप सिद्ध झाले नाहीत असं लिहिलं. एक अंशतः सिद्ध, एक सिद्ध. त्या सिद्ध आरोपाबद्दल इथेच सांगते: पाच खात्यांत इतर बँकांचे ना-हरकत दाखले जोडलेले नव्हते. ती चूक माझी होती, मी ती पहिल्याच उत्तरात मान्य केली होती आणि तिची शिक्षा भोगायला तयार होते. पण शिस्तभंग प्राधिकाऱ्यांनी सहाही आरोप सिद्ध धरले. अहवालाशी आपण का असहमत आहोत हे मला आधी कळवलं नाही, माझं म्हणणं मागितलं नाही, थेट बडतर्फी.

हा मुद्दा नवा नाही. १९९८ साली पंजाब नॅशनल बँक विरुद्ध कुंजबिहारी मिश्रा या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की चौकशी अधिकाऱ्याने निर्दोष ठरवलेल्या माणसाला दोषी धरायचं असेल तर असहमतीची तात्पुरती कारणं आधी त्याला कळवा आणि त्याला उत्तराची संधी द्या. ते प्रकरण करन्सी चेस्टमधल्या, म्हणजे बँकेतल्या नोटांच्या कोठारातल्या, एक लाख रुपयांच्या तुटीचं होतं. संबंधित अधिकारी १९८३च्या अखेरीस निवृत्त झाले होते. अपील न्यायालयात पडून असतानाच १९९५च्या जानेवारीत मिश्रा वारले आणि त्यांचे वारस पुढे उभे राहिले. निवृत्तीनंतर चौदा वर्षं उलटली, आता हे पुन्हा बँकेकडे पाठवणं न्यायाला धरून होणार नाही, असं म्हणून न्यायालयाने ते तिथेच संपवलं. मी हा निकाल पहिल्यांदा वाचला त्या रात्री झोपले नाही. हा बँकेच्याच प्रकरणात लागलेला निकाल, आणि २०२१ मध्येही एका बँकेच्या अधिकाऱ्याने तो नसल्यासारखा आदेश काढावा!

माझं प्रकरण खंडपीठाने याच कारणाने परत पाठवलं. मग नोव्हेंबरमध्ये मला असहमतीची टिपणी मिळाली. तिच्यात कारण एकच: आरोप गंभीर स्वरूपाचे असल्याने अहवाल स्वीकारता येत नाही. आरोप गंभीर आहेत म्हणून ते सिद्ध आहेत, हे कुठलं कारण? मी २८ पानी उत्तर घेऊन सुनावणीला गेले. आत गेल्यापासून बाहेर येईपर्यंत बारा मिनिटं लागली. त्यानंतर ते पाकीट.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये असं आपल्याकडे म्हणतात. मी चढले, कारण तुम्ही दुसरी पायरी ठेवली नव्हती. अंतर्गत अपिलाचा निकाल चार ओळींचा होता. आणि सिव्हिल लाइन्सच्या त्या दगडी इमारतीत न्यायमूर्ती काय बघतात? पुरावा पुन्हा तोलणं हे आपलं काम नाही, प्रक्रिया नीट झाली का एवढंच आपण पाहतो, असं न्यायालयं सांगत आली आहेत, १९९५चा बी. सी. चतुर्वेदी निकाल बँकांचे वकील दर वेळी वाचून दाखवतात. ठीक आहे, मला ते मान्य आहे. पण मग त्याचा अर्थ हाच होतो, की काय घडलं आणि काय घडलं नाही याचा शोध घेण्याची जागा चौकशीची ती एकच खोली आहे. तिथे साक्षीदाराला बाकावर बसवून परत पाठवलं, तर त्याचं म्हणणं पुढे कुणीही, कधीही ऐकणार नाही. क्लार्क आणि शिपायांना निदान औद्योगिक न्यायाधिकरणाचा आधार राहिला. १९७१ मध्ये औद्योगिक विवाद कायद्यात कलम ११-अ आलं तेव्हापासून न्यायाधिकरण शिक्षाही बदलू शकलं. अधिकाऱ्याला तो मार्ग नाही. त्याला थेट उच्च न्यायालयात रिट याचिका, आणि वाट पाहणं.

अशा प्रकरणांत बँका केंद्रीय दक्षता आयोगाचा सल्ला घेतात, त्याबद्दलही लिहायला हवं. सिंडिकेट बँकेच्या नागराज करजगी प्रकरणात १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की शिक्षा किती द्यायची याबद्दल आयोगाचा सल्ला प्राधिकाऱ्यावर बंधनकारक नाही, त्याने स्वतःची बुद्धी वापरली पाहिजे. स्टेट बँकेच्या डी. सी. अग्रवाल प्रकरणात सांगितलं, की आयोगाची शिफारस संबंधित अधिकाऱ्याला न दाखवता तिच्यावर विसंबता येत नाही. तरीही खासगीत अधिकारी सांगतात, ‘मॅडम, वरून आलंय, माझ्या हातात काही नाही.’ सही त्यांची असते. सही करणाऱ्याच्या हातात काही नसेल, तर माझं २८ पानी उत्तर कुणासाठी होतं?

मी बँकेत अफरातफर होत नाही असं म्हणत नाही. एका विधवा बाईच्या मुदत ठेवीवर परस्पर कर्ज उचललेलं मी स्वतः पकडलं आहे आणि त्या कर्मचाऱ्याविरुद्ध साक्षही दिली आहे. त्याला काढलं ते योग्यच झालं. लोकांचा पैसा आहे, कसोटी कडक हवीच. कडक कसोटी आणि आधी ठरवलेला निकाल यांत फरक आहे, इतकंच माझं म्हणणं. त्याचा दुसरा परिणाम तुम्हाला शाखांत दिसत असेल. तरुण शाखाधिकारी आज पीककर्जाच्या कागदावर सही करताना हात आखडता घेतात. कुणी मला सरळ म्हणतं, तुमचं काय झालं ते बघूनच. हे ऐकताना मला फार वाईट वाटतं, कारण त्या सहीची वाट बघणारा कास्तकार बाहेर उभा असतो.

माझ्या मागण्या अशा.

१. न्यायालयाने परत पाठवलेलं प्रकरण त्याच प्राधिकाऱ्याकडे किंवा त्याच्या हाताखालच्याकडे देऊ नका. दुसऱ्या विभागातल्या अधिकाऱ्याने ते ऐकावं, आणि नव्या आदेशात प्रत्येक मुद्द्याला उत्तर असावं.

२. निवृत्तीच्या आधीच्या सहा महिन्यांत चार्जशीट द्यायचंच असेल, तर ते आधी का दिलं नाही याचं कारण त्यातच लिहावं. २०२१च्या ऑक्टोबरमध्ये केंद्र सरकारच्या वित्तीय सेवा विभागाने ५० कोटींपर्यंतच्या थकीत खात्यांसाठी, खातं थकीत (एनपीए) ठरल्यापासून सहा महिन्यांत कर्मचाऱ्यांची जबाबदारी तपासून संपवण्याची चौकट घातली. ती १ एप्रिल २०२२ पासूनची, माझ्या प्रकरणाला ती लागू नाही. ज्यांना लागू आहे त्यांच्या बाबतीत तरी ती पाळा.

३. चौकशी एका वर्षात संपवा. प्रेमनाथ बाली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सहा महिन्यांचं उद्दिष्ट आणि फार तर एक वर्ष असं सांगितलं आहे. तात्पुरती पेन्शन निवृत्तीच्या पुढच्या महिन्यापासून अर्जाविना सुरू व्हावी.

४. मूळ कागद बँकेच्या ताब्यात असून हजर होत नसेल, तर त्याचा तोटा कर्मचाऱ्याच्या माथी मारू नका.

५. दरवर्षी किती चार्जशीट दिली, त्यातली किती न्यायालयांनी रद्द केली आणि त्या खटल्यांवर किती खर्च झाला, हे संचालक मंडळापुढे ठेवा आणि वार्षिक अहवालात छापा. माझ्याविरुद्ध उभे राहिलेल्या वकिलांची फी ठेवीदारांच्या पैशातून गेली. माझ्या वकिलांची फी माझ्या फंडातून गेली.

६. माझ्या बाबतीत डिसेंबरचा आदेश मागे घ्या. चौकशी अधिकाऱ्यांचा अहवाल मान्य करून, सिद्ध झालेल्या त्रुटींपुरती नियमात बसेल ती शिक्षा द्या, आणि पेन्शन थकबाकीसह सुरू करा. हे मान्य नसेल तर फेरचौकशी करा, पण या वेळी माझा साक्षीदार ऐका.

नव्या रिट याचिकेच्या वकीलपत्रावर मी मागच्या आठवड्यात सही केली आहे. ती दाखल होण्यापूर्वी तुमचं उत्तर आलं तर मला आनंदच होईल.

माझे साक्षीदार आता ७४ वर्षांचे आहेत. आंबिया बहाराची संत्री घेऊन दर वर्षी नागपूरला येतात तेव्हा घरी डोकावतात आणि विचारतात, ‘मॅडम, बँकेने मला बोलावलं का?’ या वर्षीही त्यांना नाही असंच सांगावं लागलं.

आपली,
एक निवृत्त शाखाधिकारी
प्रतापनगर, नागपूर